हद्दपारांचे उपनगर

१

मुंबईच्या उपनगरांचा इतिहास आपल्याकडे मुख्यतः दोन अंगांनी लिहिला गेला. एक इतिहास आगगाडीचा आहे. १८५३ साली बोरीबंदरहून ठाण्यापर्यंत गाडी धावली, रुळांच्या कडेने स्टेशने उभी राहिली, स्टेशनांभोवती वाड्या, बंगले आणि पुढे सोसायट्या आल्या. दुसरा इतिहास हद्दीचा आहे. १९५० साली महापालिकेची हद्द साष्टीत शिरली, १९५७ साली ती मुलुंड आणि दहिसरपर्यंत पोचली, १ ऑक्टोबर १९९० रोजी मुंबई उपनगर हा स्वतंत्र जिल्हा झाला. या दोन्ही इतिहासांत खोटे काही नाही. मात्र रूळ कोणी टाकले, पायाचा दगड कोणी फोडला आणि हद्द सरकली तेव्हा त्या हद्दीवर कोण राहत होते, याची नोंद दोहोंत सापडत नाही.

हद्द आणि हद्दपार हे शब्द एकाच घरातले. शहराची हद्द जसजशी वाढली तसतशी हद्दपारीही वाढली. हा उपनगरांचा तिसरा इतिहास आहे आणि प्रस्तुत लेखात त्याविषयीच काही मांडायचे आहे. मी इतिहासाचा शिक्षक आहे. घाटकोपर पश्चिमेच्या डोंगरउतारावरील वस्तीत माझा जन्म झाला. आमच्या घरात पदवी घेणारा मी पहिला. तेव्हा हा विषय मला अभ्यासाचा आहे, तसाच घरचाही आहे. दोन्ही नाती लपवण्याचे कारण नाही.

२

हद्दपारीचे चक्र कसे फिरते हे जनता कॉलनीच्या उदाहरणावरून दिसते. १९५०च्या सुमारास शहरातल्या जागा मोकळ्या करण्यासाठी तिथल्या झोपडीवासीयांना मानखुर्दच्या बाजूला नेऊन बसवले गेले. त्या वेळी ती जागा शहराच्या टोकाला होती, कोणाला नको होती. लोकांनी ती राहण्याजोगी केली. पुढे शेजारी अणुशक्ती केंद्राचा पसारा वाढला आणि जागेला मोल आले. १७ मे १९७६ रोजी, आणीबाणी चालू असताना, सुमारे ७० हजार लोकांची ती वस्ती मोडण्यात आली आणि माणसे ट्रॉम्बेच्या दलदलीच्या काठी, चीता कॅम्पला, नेऊन टाकण्यात आली. सरकारनेच बसवलेल्यांना सरकारनेच पंचवीस वर्षांनी उठवले. उठवलेल्यांनी पुन्हा भराव घातला, पुन्हा घरे बांधली.

यातून एक सूत्र हाती येते. टाकाऊ जमीन श्रमाने राहण्याजोगी होते, राहण्याजोगी झाली की तिला मोल येते आणि मोल आले की श्रम करणारा अनधिकृत ठरतो. गावात महारकी-मांगकीच्या कामाशिवाय गावाचे चालत नव्हते, तरी घर मात्र गावकुसाबाहेर. उपनगराने ही रचना नव्याने शोधून काढली नाही. ती त्याला आयती मिळाली होती.

३

१९८१ साली या हद्दपारीने आपले खरे नाव उघड केले. १३ जुलै १९८१ रोजी तत्कालीन मुख्यमंत्री अ. र. अंतुले यांनी जाहीर केले की मुंबईतल्या फुटपाथांवर राहणाऱ्यांना जबरदस्तीने हटवून त्यांच्या मूळ ठिकाणी पाठवण्यात येईल, किंवा शहराबाहेर नेण्यात येईल. दहा दिवसांनी, २३ जुलैला, भर पावसात झोपड्या मोडल्या गेल्या. हे प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. ‘ओल्गा टेलिस विरुद्ध मुंबई महानगरपालिका’ या नावाने ते आज कायद्याच्या प्रत्येक विद्यार्थ्याला ठाऊक आहे. १० जुलै १९८५ रोजी सरन्यायाधीश य. वि. चंद्रचूड यांच्या अध्यक्षतेखालील पाच न्यायमूर्तींच्या खंडपीठाने निकाल दिला. जगण्याच्या हक्कात उपजीविकेचा हक्क सामावलेला आहे, हे तत्त्व त्याने मान्य केले. विद्यार्थ्यांना तेवढेच पाठ असते. पण त्या निकालपत्रात माणसेही आहेत, आणि इतिहासाच्या विद्यार्थ्याने ती वाचली पाहिजेत.

त्यांतला एक अर्जदार तामिळनाडूतल्या सेलमचा भूमिहीन शेतमजूर. दुष्काळाने काम गेले म्हणून १९६१ साली मुंबईला आला. दहिसरच्या एका रासायनिक कारखान्यात २३ रुपये रोजावर लागला. पश्चिम द्रुतगती महामार्गाच्या फुटपाथवर प्लास्टिक आणि कॅनव्हासचा आडोसा मिळवण्यासाठी त्याला एका झोपडीदादाला अडीच हजार रुपये मोजावे लागले. त्या आडोशात तो, बायको आणि तीन मुली. वस्ती मोडल्यावर या कुटुंबाला सेलमच्या बसमध्ये बसवून देण्यात आले. बायको आणि मुली तिकडेच राहिल्या. तो मात्र काम शोधत मुंबईला परतला आणि पुन्हा फुटपाथवर आला. वीस वर्षे ज्या शहरात माणूस राबला त्या शहराने त्याला बसमध्ये घालून हद्दीबाहेर काढले. याला हद्दपारी नाही तर काय म्हणायचे? फक्त गुन्हा कोणता, हे त्याला कोणी सांगितले नाही.

दुसरा अर्जदार अहमदनगर जिल्ह्यातल्या संगमनेरचा, १९६९ साली आलेला. निकालपत्र त्याचा धंदा सांगते: चांभारकाम, दिवसाला सात-आठ रुपये. गावातले ज्याला घर म्हणायचे ते कोसळले म्हणून तो निघाला आणि इथे बदली कामगार झाला. तिसरे नाव एका वस्तीचे आहे, विलेपार्ले पूर्वेच्या कामराजनगरचे. पश्चिम द्रुतगती महामार्गाच्या कडेने पाण्याचे मोठे नळ टाकण्याचे काम ज्या कंपनीने केले तिच्या मजुरांनी १९६०च्या सुमारास ती वसवली. झोपड्या पाचशेच्या वर. राहणारे कोण? पालिकेचे कामगार, कारखान्यातले, हॉटेलातले कामगार. उपनगराला पाणी आणणाऱ्यांच्या वस्तीवर, उपनगरात पाणी आल्यावर, पोलीस आले. अंधेरी-पार्ल्याच्या इतिहासात त्या महामार्गाचा उल्लेख येतो, नळाचाही येतो. कामराजनगरचा उल्लेख शोधायचा तर न्यायालयाच्या दफ्तरात जावे लागते.

४

‘मूळ ठिकाणी परत पाठवू’ हे वाक्य वरवर फार साधे वाटते. पुष्कळ सुशिक्षितांना त्यात दयाही दिसली. गावी मोकळी हवा आहे, शेजारपाजार आहे. इथे गटाराच्या काठी का राहता? दलित वाचकाला या वाक्यातला डाव सांगावा लागत नाही. परत पाठवायला आधी मूळ ठिकाण असावे लागते. आपले मूळ ठिकाण कोणते? गावाने गावाबाहेर ठेवलेला माणूस गावात परत कसा जाणार?

१४ ऑगस्ट १९३१ रोजी मुंबईतच, मणिभवनात, गांधीजींच्या पहिल्या भेटीत बाबासाहेबांनी हेच विचारले होते. ज्या भूमीत आम्हाला कुत्र्या-मांजराइतकीही किंमत नाही तिला मायभूमी कसे म्हणावे, असा त्यांच्या बोलण्याचा आशय होता. ४ नोव्हेंबर १९४८ रोजी घटनेचा मसुदा मांडताना त्यांनी खेड्याचे गोडवे गाणाऱ्यांना खडसावले आणि मसुद्याने खेडे नव्हे तर व्यक्ती हा घटक मानला याबद्दल समाधान व्यक्त केले. यामागे ग्रंथांचा अभ्यास होता, तसा अनुभवही होता. १९१७ साली बडोद्यातल्या पारशी धर्मशाळेतून काठ्या घेऊन आलेल्यांनी त्यांना बाहेर काढले. इतक्या मोठ्या नगरीत त्या रात्री डोके टेकायला जागा मिळेना, तेव्हा ते गाडी धरून आले ते मुंबईलाच. मुंबईने जात विसरायला लावली असे नाही. इथल्या चाळीही जातवार होत्या, पाणीही जातवार होते. पण इथे मजुरी रोख मिळत होती आणि संध्याकाळी सभेला जाता येत होते. गावाशी तुलना करता हा फरक फार मोठा होता.

आता घरचे सांगतो. १९७२च्या दुष्काळात माझा आजा आणि आजी परभणी जिल्ह्यातून मुंबईला आले. माझे वडील तेव्हा तीन वर्षांचे होते. आजा घाटकोपरच्या डोंगरातल्या खदानीवर दगड फोडायचा, आजी खडीची पाटी वाहायची. २७ जुलै १९७८ रोजी मराठवाडा विद्यापीठाला बाबासाहेबांचे नाव देण्याचा ठराव विधिमंडळात झाला आणि मराठवाड्यात दलित वस्त्या पेटवल्या गेल्या. आमच्या गावी चुलत आज्याचे घर त्यात गेले. घर म्हणजे दोन खण आणि वर पांढरी माती. १९८१ साली आमच्या उतारावरच्या झोपड्या मोडल्या गेल्या. कोणाच्या हुकमाने, हे आजीला आजतागायत कळलेले नाही. तिला त्यातला संवाद मात्र आठवतो. ती सांगते, “तोडणारा म्हणला, गावाकडं जा. मी म्हणलं, कोणतं गाव रे बाबा? जळालं ते का?”

तीन वर्षांत गावचे घर जाळले गेले आणि शहरातले मोडले गेले. हद्दपारीवर लिहिणारे सहसा एका टोकाला घर आणि दुसऱ्या टोकाला परका मुलूख धरून चालतात. आमच्या इतिहासात दोन्ही टोकांना हद्दपारीच आहे. म्हणून आमच्या लेखनात गावाविषयीचा हळवेपणा सापडत नाही. तो आमच्यात नसतो असे नाही. आजीला अजून तिकडच्या बाभळी आठवतात. पण बाभळी आठवणे निराळे आणि गाव आपले म्हणणे निराळे.

५

मग शहराशी नाते कसले? न्यायालयाने या प्रश्नाला उत्तर दिले आहे. पालिका झोपड्या हटवते, माणसे आतल्या गल्ल्यांत पांगतात, अधिकारी गेले की पुन्हा जुन्या जागी येतात. या प्रकाराला निकालपत्राने लपंडावाची उपमा दिली आहे. आणि त्या जागांची ओढ त्यांना मुख्यतः यासाठी आहे की ती कामाच्या ठिकाणाजवळ आहे, असे म्हटले आहे. हे खरे आहे. सेलमचा मजूर दहिसरच्या रोजासाठीच परतला. पण एवढेच खरे आहे काय? बंगल्यात राहणाऱ्याला आपल्या गल्लीचा लळा असतो, आठवणी असतात. झोपडीत राहणाऱ्याला फक्त अंतर असते? ज्या उतारावर आजीने तीन वेळा चूल मांडली, जिथे तिची एक मुलगी पुरली गेली, जिथे पहिल्यांदा तिने १४ एप्रिलला निळा झेंडा पाहिला, त्या जागेशी तिचे नाते कामाच्या अंतराने मोजता येणार नाही. गरिबांच्या बाजूने बोलतानाही त्यांना पोटाच्या पलीकडे काही आठवत असेल, हे आपल्या विचारवंतांना सुचत नाही.

याच निकालाने स्मृतीचा प्रश्न कागदाचा करून टाकला. १९७६ च्या जानेवारीत झोपडपट्ट्यांची गणती झाली होती आणि मोजलेल्यांना ओळखपत्रे मिळाली होती. ज्यांच्याकडे ती आहेत त्यांना पर्यायी जागा द्यावी, वीस वर्षांहून जुन्या आणि सुधारणा झालेल्या वस्त्या सार्वजनिक कामाची गरज असल्याखेरीज हलवू नयेत, आणि पावसाळा संपून ३१ ऑक्टोबर १९८५ उलटेपर्यंत कोणाला हटवू नये, असे न्यायालयाने सांगितले. पुढे तारखांचे राज्य आले. १ जानेवारी १९९५, त्यानंतर १ जानेवारी २०००. त्या दिवसाच्या आधी तू इथे होतास हे सिद्ध कर, म्हणजे तू पात्र.

आण्णाभाऊ साठे ज्या समाजातून आले त्या मांग समाजाला इंग्रजांच्या गुन्हेगार जमाती कायद्याखाली पाटील-चावडीपुढे हजेरी द्यावी लागत होती. गावात हजेरी देणाऱ्याला परवानगीवाचून गाव सोडता येत नव्हते. उपनगरात ज्याची हजेरी सापडत नाही त्याला राहता येत नाही. कायदे वेगळे, हेतूही वेगळे असतील. वहीवरची हुकमत तीच.

आमच्या घरी पत्र्याची एक पेटी आहे. तिच्यात शिधापत्रिका, जुनी वीजबिले आणि १९७६ चा फोटोपास आहे. फोटोपासवर आजा आणि आजी शेजारी शेजारी उभे आहेत. आजा १९८८ साली गेला. त्याचा जगातला हा एकमेव फोटो. आमच्या पूर्वजाचा चेहरा आमच्याजवळ आहे तो सरकारने त्याला मोजले म्हणून. मी हा फोटो मोठा करून भिंतीवर लावला, तेव्हा त्याच्या कडेला शिक्क्याचा अर्धा गोल तसाच आला. तो कापावा असे घरात कोणालाच वाटले नाही.

६

कागदाबाहेरची स्मृती कोणी जपली? आमच्या उताराखाली चिरागनगर आहे. १ ऑगस्ट १९२० रोजी वाटेगावात जन्मलेले आण्णाभाऊ वडिलांबरोबर पायी चालत मुंबईला आले, गिरणीत राबले, लाल बावट्याच्या कलापथकात शाहीर झाले आणि चिरागनगरच्या झोपडीत राहून त्यांनी कथा-कादंबऱ्या लिहिल्या. १९५९ ची ‘फकिरा’ त्यांनी बाबासाहेबांच्या लेखणीला अर्पण केली. १८ जुलै १९६९ रोजी गोरेगावात त्यांचे निधन झाले. म्हणजे त्यांचे लेखनाचे घर एका उपनगरात आणि शेवटचे घर दुसऱ्या उपनगरात. मराठी वाङ्मयाच्या इतिहासात पुण्या-दादरच्या घरांना जे स्थान आहे ते चिरागनगरला कधी मिळाले?

त्यांची ‘माझी मैना गावावर राहिली’ ही छक्कड सर्वांना ठाऊक आहे. संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात ती घुमली आणि गावी राहिलेली मैना म्हणजे महाराष्ट्राबाहेर राहिलेला मुलूख, असा तिचा अर्थ लावला गेला. तो बरोबरच आहे. पण निकालपत्रातल्या सेलमच्या मजुराची हकीकत वाचताना मला तीच छक्कड आठवली. बायको-मुली तिकडे, नवरा इकडे फुटपाथवर. शाहिराने जे विरहाच्या रूपात गायले ते न्यायालयाने पंचवीस-तीस वर्षांनी अर्जदाराची हकीकत म्हणून नोंदवले. भाषा वेगळी, प्रांत वेगळा, दुःख एकाच जातकुळीचे.

दुसरे नाव विलास घोगरे यांचे. मुलुंडच्या झोपडपट्टीत राहणारे हे लोकशाहीर. झोपड्या मोडण्याच्या त्या मोहिमांवर आनंद पटवर्धन यांनी १९८५ साली ‘बॉम्बे अवर सिटी’ हा माहितीपट केला, त्यात घोगरे यांचा आवाज आहे. ज्या वर्षी न्यायालयाचा निकाल आला त्याच वर्षी मुलुंडच्या शाहिराचा आवाज पडद्यावर आला. एका घटनेचे हे दोन दस्तऐवज आहेत आणि इतिहासकाराने दोन्ही शेजारी ठेवले पाहिजेत.

११ जुलै १९९७ च्या सकाळी घाटकोपर पूर्वेला रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातलेला आढळला. निषेधासाठी जमलेल्यांवर राज्य राखीव पोलीस दलाने गोळीबार केला. १० माणसे मारली गेली. चार दिवसांनी, १५ जुलैला, विलास घोगरे यांनी मुलुंडच्या आपल्या घरी स्वतःचे आयुष्य संपवले. मी तेव्हा सहा वर्षांचा होतो. रमाबाई नगराचे नाव मी त्या दिवशी प्रथम ऐकले. वडील दुपारीच पायी घरी आले आणि कोणाशी बोलले नाहीत, एवढेच मला आठवते. मोठा झाल्यावर कळले की पूर्वेचा महामार्ग आणि पश्चिमेचा डोंगर यांत अंतर थोडे आहे. पटवर्धन यांनी पुढे चौदा वर्षे खपून ‘जयभीम कॉम्रेड’ केला, म्हणून आज घोगरे यांचा आवाज आपल्याला ऐकू येतो. तसे कोणी खपले नसते तर? उपनगरातल्या किती आवाजांमागे कोणीच खपलेले नाही!

७

येथवर मी राज्यकर्त्यांविषयी, कायद्याविषयी बोललो. आता आपल्याविषयी बोलले पाहिजे, कारण हद्दपारी बाहेरूनच येते असे नाही. कॉलेजच्या प्रवेशअर्जावर मी वस्तीचा पत्ता लिहिला नव्हता. ओळखीच्या एका गृहस्थांच्या चाळीचा पत्ता लिहिला. तीन वर्षे माझी पत्रे त्यांच्याकडे येत होती आणि मी ती आणायला जात होतो. कोणी मला तसे करायला सांगितले नव्हते. बसमध्ये बसवायला पोलीस आले नव्हते. मी मला स्वतःच हद्दपार केले होते. आपल्यातला शिकलेला वर्ग नोकरी लागली की मुलुंड, कल्याण, बदलापूरला घर घेतो. ते त्याने घ्यावे, त्यासाठीच बापजादे राबले. पण घराबरोबर तो आठवणही बदलतो, मुलांना वस्तीचे नाव सांगत नाही. मग ज्या इतिहासाची नोंद प्रस्थापितांनी केली नाही त्याची नोंद आपणही करत नाही. प्रस्थापितांना दोष देण्याचा अधिकार अशाने आपल्याकडे किती उरतो?

अलीकडे आमच्या उताराच्या पुनर्वसनाची यादी लागली. आजीच्या नावापुढे ‘अपात्र’ लिहिलेले होते. कारण फोटोपासवरचा झोपडी क्रमांक आणि आजचा क्रमांक जुळत नाही. तो जुळणार कसा? १९८१ साली खालची झोपडी मोडल्यावर तिने ती पन्नास पावले वर बांधली होती. ज्यांनी मोडले त्यांनी तशी पावती दिली नव्हती. अपिलाचा अर्ज मी लिहिला. जुन्या शेजाऱ्यांच्या साक्षी घेतल्या, जुनी विहीर आणि खदानीचा रस्ता यांच्या खुणा धरून कागदावर नकाशा काढला, तारखा लावल्या. दोन रात्री जागून अर्ज पुरा केला तेव्हा ध्यानात आले की इतकी वर्षे इतिहास शिकवतो आहे, पण आपण लिहिलेला पहिला इतिहास हाच. साधने आजीच्या तोंडची, वाचक एक अधिकारी आणि फळ दहा बाय बाराच्या खोलीइतके, पण इतिहासच.

त्या अनुभवातून मी माझ्या वर्गातल्या मुलांना एक काम दिले आहे आणि या पानांवरून इतरांनाही सुचवतो. अंधेरी, बोरिवली, मुलुंड, घाटकोपर, गोवंडी इथल्या कॉलेजांत आज वस्त्यांतली मुले शिकत आहेत. त्यांनी आपल्या घरच्या पेटीतले कागद उतरवून घ्यावेत. आजी-आज्याला तीन प्रश्न विचारावेत: गाव का सोडले, इथली झोपडी पहिल्यांदा कधी मोडली आणि मोडल्यावर पहिली रात्र कुठे काढली. उत्तर त्यांच्याच बोलीत, सुधारणा न करता लिहावे. १९७२ साली आलेली पिढी आता पंचाहत्तरीत आहे. इमारती उठतील, उतार सपाट होतील, तेव्हा हे विचारायला कोणी उरणार नाही.

माझ्या वर्गातल्या पहिल्या खेपेला अकरा वह्या आल्या. सहांत वस्तीचे नाव पहिल्या पानावर ठळक लिहिलेले होते. पाचांत नव्हते. मी त्या पाच वह्या परत दिल्या नाहीत. त्या मुलांना जवळ बसवून मी माझ्या प्रवेशअर्जावरच्या पत्त्याची हकीकत सांगितली. दुसऱ्या दिवशी त्यांतल्या तिघांनी नाव लिहून दिले.

अपिलाचा निकाल अजून लागायचा आहे. आजी विचारत राहते. परवा मी तिला म्हणालो, निकाल विरुद्ध गेला तर वडिलांनी घेतलेल्या डोंबिवलीच्या खोलीत राहायला चल, तिथे पाणी चोवीस तास आहे. ती उंबऱ्यात बसून तांदूळ निवडत होती. मान वर न करता म्हणाली, “तिथं मला कोण वळखतंय?”